‘तिथं तुमच्यासाठी काय आहे?’

आमच्या नात्यागोत्याच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर उमराहच्या जाहिरातींच्या जोडीला हल्ली आणखी एक जाहिरात फिरते. ताश्कंद, समरकंद, बुखारा. सहा रात्री, सात दिवस, हलाल जेवण, उर्दू बोलणारा गाइड आणि फक्त तुमच्या कुटुंबासाठी वेगळी गाडी. वर निळ्या घुमटाचा फोटो आणि खाली आमंत्रण, की चला, जुन्या व्यापारी मार्गावरची आपली शहरे पाहून येऊ.

ज्यांची ऐपत आहे त्यांनी जरूर जावे. समरकंदच्या रेगिस्तान चौकात उलुग बेगने पंधराव्या शतकात बांधलेला मदरसा आहे. राजा असून आकाशातल्या ताऱ्यांची मोजदाद ठेवणारा हा माणूस होता. शहरापासून थोड्या अंतरावर इमाम बुखारींची कबर आहे. मुलांना हे दाखवायला मिळाले तर चांगलेच. मी अडते ती जाहिरातीतल्या ‘आपली’ या शब्दापाशी. उमरीत बसून समरकंद आपले वाटते, मग तेर कोणाचे?

मी शाळेत उर्दू आणि मराठी दोन्ही शिकवते. आठवीच्या वर्गात विचारले तेव्हा समरकंदचे नाव निम्म्या मुलांनी ऐकलेले होते. बुखारा तर सगळ्यांनाच माहीत, हदीसच्या किताबामुळे. तेर म्हटल्यावर शेवटच्या बाकावरून आवाज आला, “मॅडम, तेरह?” वर्ग हसला, मीही हसले. पण सहावीच्या इतिहासात सातवाहन शिकून ही मुले आठवीत आली आहेत, आणि त्या सातवाहनांच्या काळातले एक मोठे बाजाराचे गाव लातूरहून गाडीने तासा-दीड तासावर आहे.

हे तेर धाराशिव जिल्ह्यात, म्हणजे जुन्या उस्मानाबादेत, तेरणा नदीच्या काठी आहे. त्याचे जुने नाव तगर. इसवी सनाच्या पहिल्या शतकात इजिप्तकडच्या एका निनावी ग्रीक व्यापाऱ्याने ‘पेरिप्लस’ नावाचे पुस्तक लिहिले. पुस्तक कसले, धंद्याची वहीच ती. कोणत्या बंदरात काय मिळते, काय खपते, वारा कधी अनुकूल असतो, याची नोंद. त्यात तो दक्खनच्या दोन बाजारपेठा खास म्हणून सांगतो. भडोचच्या बंदरापासून दक्षिणेला वीस दिवसांच्या वाटेवर पैठण, आणि तिथून पूर्वेला दहा दिवसांच्या वाटेवर तगर. पैठणहून सुलेमानी दगड जायचा. तगरहून साधे कापड आणि तऱ्हतऱ्हेची मलमल जायची. शिवाय समुद्रकिनाऱ्याकडच्या मुलखातून तगरला येऊन पडलेला माल पुढे जायचा. हे सगळे गाड्यांवर लादून, रस्ता नसलेल्या मोठ्या प्रदेशातून भडोचला पोचायचे आणि तिथून जहाजांत चढायचे. हे तगर नेमके कुठले, यावर विद्वानांनी जुन्नरपासून दौलताबादपर्यंत तर्क लढवले. १९०१ साली फ्लीट या इंग्रज अभ्यासकाने ते तेर असल्याचे दाखवून दिले आणि मग वाद मिटला.

उमरीच्या माणसाला या नोंदीचे अप्रूप वाटायला हवे, कारण तिच्यात कापूस आहे. आमच्या काळ्या मातीत आजही कापूसच वेचला जातो आणि जिनिंगमध्ये जातो. नांदेडची मलमल शंभर-सव्वाशे वर्षांपूर्वीपर्यंत नावाजलेली होती, पुढे तिथे उस्मानशाही मिल निघाली आणि तीही बंद पडली. आमच्या तालुक्याच्या कडेने जी गोदावरी वाहते ती पैठणहूनच येते. तिच्याच काठाने खाली तेलंगणात कोटिलिंगाल आहे, जिथे सातवाहनांची अगदी सुरुवातीची नाणी सापडली. वर पैठण, खाली कोटिलिंगाल आणि मधल्या पट्ट्यात आपण. त्या काळच्या गाडीवानाला उमरी माहीत असेल-नसेल, पण आपली माती, आपली नदी आणि आपले ऊन त्याला पुरते माहीत होते.

दिवाळीच्या सुट्टीत आम्ही दोन कुटुंबे, लहानमोठी मिळून सात माणसे, गाडी आणि गाइड ठरवून निघालो. बसच्या सहलीपेक्षा हे महाग पडते. तरीही माझ्यासारख्या बायकांना ते सोयीचे आहे, हे आधीच सांगते. नमाजच्या वेळेला गाडी थांबवता येते. सासूबाईंचे गुडघे दुखतात, त्या हळूहळू चालू शकतात. जेवण कुठे करायचे ते आपण ठरवतो. पन्नास माणसांच्या घोळक्यात मागे राहिलेल्या बाईला गाइडचे एक वाक्यही ऐकू येत नाही, इथे ती चार प्रश्न विचारू शकते. खाजगी गाडी-गाइडला पैसेवाल्यांचे चोचले म्हणून हसणाऱ्यांनी आपल्या घरच्या बायकांना एकदा विचारावे, की मागच्या सहलीत त्यांनी नेमके काय पाहिले.

फोनवर मी विषय स्पष्ट सांगितला होता. जुन्या व्यापारी मार्गावरची शहरे पाहायची आहेत, म्हणजे पैठण, दौलताबाद आणि परतीच्या वाटेवर तेर. गाइड हुशार होता, बोलायला अदबशीर. सगळ्यांची नावे पाठवा म्हणाला, ती पाठवली. दुसऱ्या दिवशी त्याने आखणी पाठवली. बीबी का मकबरा, पाणचक्की, खुलताबाद, दौलताबाद. त्यात पैठणही नव्हते आणि तेरही नव्हते.

मी फोन केला. तो म्हणाला, “मॅडम, पैठणला नाथांचं मंदिर आहे, तेरला गोरोबाकाकांचं. तिथं तुमच्यासाठी काय आहे?”

त्याच्या आवाजात जराही कडवटपणा नव्हता, उलट काळजी होती. आमचे पैसे आणि वेळ वाया जाऊ नये म्हणून बिचारा सांगत होता. म्हणूनच ते वाक्य मला जास्त लागले. आदल्या वर्षी हाच गाइड माझ्या एका सहकारी शिक्षिकेच्या कुटुंबाबरोबर होता, तिनेच मला त्याचा नंबर दिला होता. तिची सहल कशी झाली ते मग मी नीट विचारून घेतले. वेरूळ, घृष्णेश्वर, पैठण, देवगिरी. खुलताबाद दौलताबाद आणि वेरूळच्या मध्येच आहे, गाडी त्या गावातून गेली आणि थांबली नाही. आम्हाला दाखवला तो दौलताबादचा किल्ला आणि तिला दाखवला तो देवगिरीचा. किल्ला तोच आहे, पायऱ्याही त्याच आणि अंधारीतली वटवाघळेही तीच.

आम्ही हट्ट धरला तेव्हा त्याने पैठण आणि तेर घेतले.

तेरमध्ये रामलिंगप्पा लामतुरे यांच्या नावाचे सरकारी वस्तुसंग्रहालय आहे. गावातल्या या माणसाने आयुष्यभर पांढरीच्या टेकाडांवरून, शेतांतून, पावसाने उघड्या पडलेल्या मातीतून वस्तू गोळा केल्या आणि पुढे त्या सरकारच्या हवाली केल्या. मातीचे दिवे, मणी, शंखाच्या बांगड्या, भाजक्या मातीच्या बाहुल्या, रोमन नाण्यांची नक्कल करून मातीत उठवलेली पदके. हस्तिदंताची एक छोटी स्त्रीमूर्ती तेरला सापडली आहे. अशीच हस्तिदंती मूर्ती १९३८ मध्ये इटलीत पाँपेई शहराच्या अवशेषांत मिळाली. पाँपेई इसवी सन ७९ मध्ये ज्वालामुखीच्या राखेखाली गाडले गेले, म्हणजे भारतात घडवलेली ती मूर्ती त्याच्या आधीच तिथे पोचलेली होती. भोकरदनलाही याच घडणीची मूर्ती सापडली आहे. माझ्या भाचीने काचेला नाक लावून बांगड्या मोजल्या आणि म्हणाली, “खाला, ये तो मनियार की दुकान है.” अख्ख्या सहलीत इतके अचूक वाक्य गाइडच्याही तोंडून निघाले नव्हते.

संग्रहालयापेक्षा मला जास्त वेळ धरून ठेवले ते त्रिविक्रमाच्या मंदिराने. विटांची इमारत, पुढे मंडप, आणि मागची बाजू अर्धगोल, हत्तीच्या पाठीसारखी. आत विष्णूची त्रिविक्रम मूर्ती आहे. इमारतीची घडण मात्र बौद्ध चैत्याची, आणि अभ्यासकही तिला मुळातला चैत्यच मानतात. एका धर्माच्या लोकांनी बांधले, काळ पालटला, दुसऱ्यांनी आपला देव आत ठेवला, आणि त्या वापरामुळेच या विटा आजवर उभ्या राहिल्या. आता दौलताबादच्या किल्ल्यात चला. तिथे मोठे अंगण आणि खांबांचे जंगल असलेली एक इमारत आहे. खांब आधीच्या मंदिरांचे आहेत. १३१८ मध्ये कुतबुद्दीन मुबारक खिलजीच्या वेळी ती जामा मशीद झाली. हैदराबाद संस्थान भारतात विलीन झाल्यानंतर तिथे भारतमातेची मूर्ती बसली आणि आज तिला भारतमाता मंदिर म्हणतात.

आमच्या गाइडने तिथे आम्हाला हळू आवाजात सांगितले, की ही मूळची मशीद बरं का. खांबांबद्दल तो बोलला नाही. खाली चहाच्या टपरीवर मी त्याला सरळ विचारले, की दुसरे लोक आले की काय सांगता? तो मोकळेपणाने हसला. “त्यांना खांब दाखवतो, मॅडम. जसं गिऱ्हाईक तसा माल. पूर्ण सांगितलं तर दोन्हीकडचे नाराज होतात, आणि फोनवर एकच स्टार देतात.”

त्याच्यावर रागवावे असे मला वाटले नाही. त्याला दोन मुले आहेत, गाडीचा हप्ता आहे. पण तो जे म्हणाला त्यावर आपण गिऱ्हाईक म्हणून विचार करायला हवा. खाजगी सहलीचा गुण हाच तिचा दोष होऊन बसतो. ती आपल्यासाठी बेतलेली असते, म्हणून आपल्याला खुपेल ते सगळे तिच्यातून गाळलेले असते. मला खांब दिसत नाहीत, माझ्या मैत्रिणीला मशीद दिसत नाही. दोघी एकाच किल्ल्यावरून खुशीत घरी येतो आणि स्टाफरूममध्ये एकमेकींना फोटो दाखवतो. मार्च २०२५ मध्ये औरंगजेबाच्या कबरीवरून राज्यात वातावरण तापले, नागपुरात दंगल झाली, तेव्हा त्याच स्टाफरूममध्ये मला कळले, की मलिक अंबरची कबरही खुलताबादेतच आहे, हे तिथल्या एकालाही ठाऊक नव्हते. हबशी मुलखातून गुलाम म्हणून विकला गेलेला, बाजारामागून बाजार पार करत दक्खनमध्ये आलेला, निजामशाहीचा कारभार हाती घेणारा आणि १६१० मध्ये खडकी, म्हणजे पुढचे औरंगाबाद आणि आताचे छत्रपती संभाजीनगर, वसवणारा माणूस! व्यापारी मार्गावरून माल येतो तशी माणसेही येतात, कधी खुशीने आणि कधी साखळीत. ज्या गावाबद्दल आपण भांडायला तयार असतो, त्या गावात कोण कोण झोपले आहे हे तरी माहीत असावे.

आता आपल्या लोकांकडे वळते, कारण दोष गाइडचा म्हणून हात झटकणे सोपे आहे. पैठण-तेर आखणीत घ्या म्हटल्यावर घरातूनही कुरकुर झालीच. “मंदिरं पाहायला एवढा खर्च?” हे वाक्य गाइडच्या वाक्याचे सख्खे भावंड आहे. तो म्हणतो तुमच्यासाठी तिथे काही नाही, आम्ही म्हणतो आमच्यासाठी तिथे काही नाही, आणि दोघांचे एकमत होऊन गाडी पाणचक्कीला लागते.

बरे, पाणचक्कीला तरी आपण काय पाहतो? हौद, मासे, कारंजे, आणि जात्याची गरगर. ही जागा बाबा शाह मुसाफिर या नक्शबंदी बुजुर्गांची. ते मूळचे बुखाऱ्याजवळच्या गुजदवानचे, आणि सतराव्या शतकाच्या उत्तरार्धात इथे येऊन राहिले. त्यांच्या तकियात मध्य आशियातून आलेले शिपाई, दरवेश, वाटसरू उतरायचे. दूरच्या डोंगरातून मातीच्या नळांनी आणलेल्या पाण्यावर जाते फिरायचे आणि त्या पिठावर या मंडळींचे पोट भरायचे. विमानाचे तिकीट काढून बुखारा पाहायला निघालेल्या माझ्या नातलगांना मी हेच सांगते, की बुखाऱ्याचा माणूस तीनशे वर्षांपूर्वीच तुमच्याकडे येऊन राहिला आहे. आधी त्याची भेट घ्या. तिथे गेलात की त्याचे गाव ओळखीचे वाटेल.

शहरांना धर्माप्रमाणे वाटून घेण्याऐवजी एखाद्या वस्तूचा हात धरून सहल करता येते, असे मला या फेरीत सारखे वाटत राहिले. कापड घ्या. तेरची मलमल, पैठणची पैठणी, संभाजीनगरचा हिमरू आणि मशरू. मशरूचा अर्थच शरीयतने मुभा दिलेले. पुरुषाच्या अंगाला रेशीम लागू नये म्हणून आतून सूत आणि बाहेरून रेशीम, अशी त्याची वीण. फतव्यातून निघालेली वाट विणकराच्या मागावर किती देखणी झाली पाहा! कागद घ्या. खुलताबादजवळच्या कागजीपुऱ्यात हाताने कागद करणारी मुसलमान घराणी राहत आली, मुहम्मद तुघलकाने १३२७ मध्ये राजधानी दौलताबादला हलवली तेव्हा आपले पूर्वज आले असे ती सांगतात. दौलताबादी कागदावर दरबारी फारसी लिहिली गेली आणि मराठी दप्तरेही. या कागदाला उर्दू म्हणायचे की मराठी, हे मी दोन्ही भाषा शिकवूनही सांगू शकत नाही. चौदाव्या शतकात इब्न बतूता दौलताबादला आला. त्याला तिथले जवाहिऱ्यांचे वैभव पाहून अचंबा वाटला. त्या हिंदू सावकारांना ‘साह’ म्हणतात, असे तो लिहितो, आणि त्यांची तुलना आपल्या ओळखीच्या मिसरच्या मोठ्या व्यापाऱ्यांशी करतो. मोरोक्कोच्या त्या काझीने बाजारात शिरताना, इथे माझ्यासाठी काय आहे, असे विचारले नाही.

मला हवे असलेले बदल फार मोठे नाहीत. तेर, पैठण, भोकरदन, कंधार अशा गावांतली बारावी झालेली मुले-मुली गाइड म्हणून तयार व्हावीत. त्यांना त्या गावाचा संपूर्ण इतिहास शिकवावा, तो उर्दू, मराठी आणि हिंदीत सांगता यावा. गावातलीच मुलगी असेल तर ती अर्धा इतिहास लपवणार नाही, कारण ती दोन्ही घरांच्या अंगणात खेळलेली असते. तेरची मुले गोरोबाकाकांची कथा सांगतातच, त्यांना पाँपेईही सांगता आले पाहिजे. आणि आपण गिऱ्हाइकांनी आखणी हातात आली की एवढेच म्हणावे, की दुसऱ्यांना जे दाखवता तेही दाखवा, पैसे तेवढेच देऊ. उर्दू शाळांच्या सहली वर्षानुवर्षे त्याच दोन-तीन ठिकाणी जातात, मराठी शाळांच्या त्यांच्या ठरलेल्या दोन-तीन ठिकाणी. मुख्याध्यापकांनी ठरवले तर दोन शाळा मिळून एक एसटी भरते, आणि शाळेच्या सहलीला एसटी भाड्यात सवलतही देते.

आमच्या शाळेची तेरची सहल हिवाळ्यात ठरते आहे. अजून सगळ्या पालकांच्या सह्या आलेल्या नाहीत. दोघांनी विचारले, की मुलांना मंदिरात नेणार का. मी सांगितले, की नेणार, वास्तू पाहायला नेणार, आणि पाया पडायला कोणी लावणार नाही. एकाने सही केली, दुसरे अजून विचार करत आहेत. मी त्यांच्या घरी पुन्हा जाणार आहे.

दरम्यान आठवीला एक काम दिले. घरातल्या थोरांना विचारून या, की आपल्या आडनावाचा धंदा कोणता होता. दुसऱ्या दिवशी फळा भरला. मनियार, म्हणजे बांगड्या. अत्तार. तांबोळी. बागवान. मोमीन, म्हणजे माग. पिंजारी, म्हणजे कापूस पिंजणारे. रंगरेज. एका मुलाचे आडनाव सौदागर, त्याला काही शोधावेच लागले नाही. शेजारच्या मराठी शाळेतल्या बाईंनी त्यांच्या वर्गाची यादी पाठवली, त्यात कासार, साळी, कोष्टी, शिंपी, रंगारी, कुंभार. दोन्ही याद्या शेजारी ठेवून मुलांनी जोड्या लावायला सुरुवात केली. रंगरेजची रंगारीशी जोडी लागली, मोमीनची साळीशी. मनियारसाठी कासार चालेल का, यावर तास संपेपर्यंत वाद चालला होता. काचेची बांगडी आणि धातूची बांगडी एक कशी, असा एका मुलीचा मुद्दा होता. तेरला दोन्हींपेक्षा जुनी शंखाची बांगडी आहे, हे मी तिला अजून सांगितलेले नाही.